सोबत्याची सही

१

माझा उजवा खांदा आखडला, तेव्हा डॉक्टर म्हणाले, याला व्यायाम पाहिजे. छत्तीस वर्षं कचेरीत शिक्के मारून तो आखडला असेल, असं मी म्हणालो. डॉक्टर हसले नाहीत.

माझी मुलगी हादिया बेलापूरला नोकरी करते. तिनंच मला पहिल्यांदा गारमाळच्या तळ्यावर नेलं. पनवेलहून माथेरानच्या डोंगराकडे निघालं की तासाभरात ते लागतं. तळं म्हणायचं, पण आहे ते लहानसं धरण. तीन बाजूंना डोंगर, चौथीला मातीचा बांध. तिथे परेशनं कयाक आणल्या होत्या. हा परेश पनवेलजवळच्या कोन गावचा. एक्स्प्रेसवेलगतची जमीन विकल्यावर त्याच्या वयाच्या पोरांनी मोठ्या गाड्या घेतल्या, यानं सहा प्लास्टिकच्या होड्या घेतल्या. गावात त्याला वेडा समजत. पत्र्याच्या शेडवर त्यानं पाटी लावली होती, 'सेल्फ गायडेड कयाकिंग'. म्हणजे काय, असं मी पहिल्याच दिवशी विचारलं.

"म्हंजे आमी संगती येनार नाय, चाचा," परेश म्हणाला. "तुमचं तुमी जायाचं, तुमचं तुमी यायाचं."

सरकारी सेवेची इतकी नेमकी व्याख्या मी नोकरीत असताना कधी ऐकली नव्हती. मला जागा आवडली. दर बुधवारी सकाळी मी तिथे जाऊ लागलो. बुधवारी गर्दी नसते. बायको सुगरा डबा द्यायची आणि वर म्हणायची, "पेन्शन बुडवायला निघाले."

परेशचा एक अर्ज होता. तळ्यात जाणाऱ्यानं तो भरायचा. त्यातलं मराठी वाचून माझा दुसराही खांदा आखडला. मी तो घरी आणला आणि नव्यानं लिहून काढला. काठावर सोबती नसताना पाण्यात जायचं नाही असा नियम होता, म्हणून शेवटी सोबत्याच्या सहीची जागा ठेवली आणि तिच्या वर आमच्या कचेरीतलं वाक्य घातलं : 'मी सदर व्यक्तीस व्यक्तिशः ओळखतो व सदर व्यक्ती परत येईपर्यंत हजर राहीन.' परेशनं शंभर प्रती काढल्या. त्या वाक्याचा मला अभिमान होता. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं सांगायला जड जाणार नाही.

२

२०१३ चा जानेवारी. पाऊस चांगला झालेला, तळं अजून काठोकाठ. मी पोहोचलो तेव्हा परेश फाट्यावर चहा आणायला गेला होता. शेडमध्ये मी एकटाच. टेबलाशी बसून मी माझा अर्ज भरत होतो.

डाव्या बाजूनं दुसरा एक अर्ज सरकत माझ्यापुढे आला.

"सही," कोणीतरी म्हणालं.

मी सही केली. तारखेत चुकून २०१२ लिहिलं होतं, ते खोडून दुरुस्त केलं आणि दुरुस्तीवरही छोटी सही केली. कागद डावीकडे सरकवला आणि पुन्हा माझ्या अर्जाकडे वळलो.

मान वर केली नाही.

हे समजावून सांगायला हवं. आमच्या कचेरीत जमिनीचे कागद यायचे. पनवेल-उरणची जमीन तेव्हा माणसांपेक्षा जास्त धावत होती. जमीन देणारा माणूस तोच आहे, असं सांगायला ओळखणारे दोघे लागायचे. लोक लांबच्या गावांहून यायचे, ओळखणारा कुठून आणणार? मग ते आम्हालाच म्हणायचे, भाऊ, तेवढी सही. आम्ही करायचो. त्यात कोणाचा वाईट हेतू नव्हता, पैसेही नव्हते. ती एक सोय होती. 'व्यक्तिशः ओळखतो' असं मी किती हजार माणसांबद्दल लिहिलं असेल, सांगता येणार नाही. त्यांतल्या एकाचाही चेहरा मला आठवत नाही. आठवणार कसा? वर पाहिलं की माणूस बोलायला लागतो, आणि बोलायला लागला की काम अडतं.

तर मी मान वर केली नाही. माझ्या अर्जावर सोबत्याची सही परेशच करायचा, ती जागा त्याच्यासाठी मोकळी ठेवून उठलो तेव्हा पिवळी कयाक पाण्यात गेली होती आणि डोंगराच्या वळणामागे तिचं शेवटचं टोक नाहीसं होत होतं.

३

मी लाल कयाक घेतली. त्या सकाळी वारा नव्हता. वल्हं पाण्यात जातं त्याचा आवाज, ते वर येतं तेव्हा गळणाऱ्या थेंबांचा आवाज, बास. तळ्याच्या मध्यावर पोहोचल्यावर मला जाणवलं की वळणापलीकडून दुसऱ्या वल्ह्याचा आवाज येतोय. माझ्या लयीत. मी थांबलो की तोही थांबे.

डोंगर आहे, प्रतिध्वनी येणारच. एवढं विज्ञान मलाही येतं.

मग मी बराच वेळ वल्हं मांडीवर आडवं धरून नुसता बसून राहिलो. त्या शांततेत पलीकडून आवाज आला. टक, टक, टक. पोकळ प्लास्टिकवर बोटाच्या पेरानं वाजवावं तसा. घाई नव्हती त्यात. कचेरीत आमच्या खिडकीच्या काचेवर लोक असंच वाजवायचे, साहेब जेवायला बसलेत की काय हे पाहायला.

वळण माझ्यापासून फार तर शंभर हातांवर होतं. पुन्हा वाजलं, तीनदा.

माझा अर्धा तास भरला होता. मी होडी वळवली आणि परत आलो. पाठीमागे आणखी एकदा वाजलं की नाही, हे मला खात्रीनं सांगता येत नाही. वाजलं असावं.

४

"तुमचा मानूस कुठं हाय?" परेशनं विचारलं. त्याच्या हातात चहाचा थर्मास होता.

"माझा कुठला माणूस?"

त्यानं अर्ज दाखवला. खाली माझी लफ्फेदार सही. वर दुरुस्त केलेली तारीख. नावाच्या रकान्यात काही नाही. फोन नाही, पत्ता नाही. साल चुकलेलं ज्या माणसाला दिसलं, त्याला नाव नसलेलं दिसलं नव्हतं.

दहा वाजेपर्यंत आम्ही वाट पाहिली. मग परेशचा चुलता शिवा आपली होडी घेऊन गेला. शिवा त्या तळ्यात जाळं टाकतो, त्याला तळ माहीत आहे. पाऊण तासानं तो पिवळी कयाक दोरीला बांधून परत आला. कयाक सरळ होती, आतून कोरडी. वल्हं नीट आडवं ठेवलेलं. बैठकीवर नारिंगी लाइफ जॅकेट होतं, आणि त्याचे तिन्ही पट्टे लावलेले होते.

"काढलं आसतं तर पट्टं उघडं आसतं," शिवा म्हणाला. "डोक्यावरनं ओढून काढाया जमत नाय. घट बसतंय ते." एवढं बोलून तो बिडी शोधू लागला.

बारापर्यंत पोलीस आले. काळूराम नावाचे हवालदार, वयानं पोक्त, बोलायला अदबशीर. परेशनं फोन केल्यामुळे हादियाही रजा टाकून आली होती. ती माझ्या खुर्चीमागे उभी होती.

"'व्यक्तिशः ओळखतो'," काळूराम अर्ज वाचत म्हणाले. "हे तुम्ही लिहिलंय?"

"मसुदा माझा आहे. ओळखतो असं नाही."

"पण पाहिलंत ना समोर?"

इथे एकच शब्द बोलायचा होता. नाही. हादिया मागे उभी होती. लहानपणापासून तिनं बापाची एकच फुशारकी ऐकली होती, की मी कागद डोळ्यांत तेल घालून पाहतो.

"पाहिलं," मी म्हणालो.

"सांगा मग."

आणि मी सांगितलं. पुरुष. वय पन्नासच्या आसपास. बांधा मध्यम, वर्ण सावळा. अंगात पांढरा, बारीक निळ्या चौकड्यांचा शर्ट. पॅन्ट राखाडी. डाव्या मनगटाला पट्ट्याचं घड्याळ. डोक्याला टोपी. हनुवटीवर जुन्या जखमेचा व्रण. हे कुठून आलं ते विचारू नका. आयुष्यभर कागदांवर वाचलेली वाक्यं होती ती. एकामागून एक आपोआप येत गेली, आणि लिहिणाऱ्याला ती इतकी सोयीची होती की काळूरामांनी एकदाही कागदावरून पेन उचललं नाही.

"चेहरा कसा? नाक, डोळे?"

इथे मात्र सुचेना. "टोपीमुळे दिसला नाही," मी म्हणालो.

"एवढंही कोणी सांगत नाही, चाचा. खात्यात होतात काय?"

"अब्बांची नजर पहिल्यापासून तेज आहे," हादिया म्हणाली.

५

दुपारी एक बाई आली. साठीची, नऊवारी लुगडं, पायात रबरी चप्पल. रिक्षातून उतरून ती सरळ पाण्याकडेच निघाली होती, परेशनं तिला शेडमध्ये आणलं. ओवे गावची कमळाबाई. तिची धाकटी लेक रमा पहाटेपासून घरात नव्हती. लग्नाच्या स्थळावरून रात्री बोलाचाली झाली होती.

"रिक्षावाला बोल्ला, पोरीला धरनाच्या फाट्यावर सोरली," ती म्हणाली आणि तिनं बाहेरच्या कयाकांकडे बोट दाखवलं. "तिच्या मोबाइलमदी या होरींचं फोटू हायती. सारकी बगायची. इतं कोनीतरी बुरालं बोलतान."

काळूरामांनी तिला पाणी दिलं. "मावशी, बसा. गेलेला माणूस पुरुष आहे. पन्नाशीचा. यांनी समोरून पाहिलंय."

तिनं माझ्याकडे पाहिलं. मी टेबलाकडे पाहिलं.

"तुमी बगितलंव?"

"हो."

"बाप्या व्हता?"

"हो," मी म्हणालो.

ती मटकन खाली बसली आणि तिथेच हसू लागली, रडता रडता. मग उठून माझ्याजवळ आली आणि तिनं माझे हात धरले. "तुमच्या तोंडात साकर परो, बाबा," ती म्हणाली. तिच्या हातांना मातीचा वास होता. शेतावरून तशीच आली असावी.

ती रिक्षात बसून बसस्टँडवर लेकीला शोधायला गेली. मी तिला थांबवू शकलो असतो. रिक्षा बांधावरून खूप हळू गेली, मध्ये तर चाक खड्ड्यात अडकून थांबलीसुद्धा. मी उभा होतो. हादियानं विचारलं, "अब्बा, तबियत बरी नाही का?" मी म्हणालो, ऊन लागलं.

६

शोध दोन दिवस चालला. तिसऱ्या दिवशी थांबला, कारण माणूस सापडला होता.

सापडला म्हणजे दिसला. मला परेशनं फोनवर सांगितलं. शिवा सकाळी जाळं काढायला गेला, तर पलीकडच्या काठावर, उंबराखाली, एक माणूस बसलेला. पांढरा चौकड्यांचा शर्ट, टोपी. शिवानं हाक मारली. माणूस उठून झाडीत गेला. दुपारी परेशनंही शेडमधून पाहिला, वळणाच्या अलीकडे.

"तुमी बोल्लात तसाच, चाचा. हाताव घऱ्यालसुदीक." त्याला हायसं वाटलं होतं. "येरा मानूस, डोकं ठिकानाव नाय. फुकट सगल्यांना ताप. सायबानी सांगितलं, जित्ता हाय तर आमी कशाला पान्यात बुऱ्या मारायच्या? पानबुऱ्यांना परत पाठवला."

मी फोन ठेवला. सुगरानं चहा आणून ठेवला, तो गार झाला.

मी विचार केला. मला विचार करता येतो, त्याचंच पेन्शन मिळतं. लोकांना जे सांगितलेलं असतं ते दिसतं. डोंगरात फिरणारे कमी नसतात, चौकड्यांचा शर्ट दर तिसऱ्या माणसाच्या अंगात असतो. पण पाणबुडे परत गेले होते, ते माझ्या शर्टामुळे. पाण्याखाली जे कोणी असेल, त्याला आता कोणीही शोधत नव्हतं. आणि ओव्याची ती बाई मुंबईपासून उरणजवळच्या मोऱ्याच्या धक्क्यापर्यंत लेकीचा फोटो दाखवत फिरत होती, असं मला परेशनंच सांगितलं होतं.

बुधवारी मी नेहमीच्या वेळी तळ्यावर गेलो. घरी काही बोललो नाही. परेशनं माझ्या अर्जावर सही केली. त्यानं माझ्याकडे पाहिलं, हे मी मुद्दाम पाहिलं.

वळणापर्यंत आवाज फक्त माझ्या वल्ह्याचा होता. वळणापलीकडे पाणी अरुंद होतं, डोंगराची सावली पडते, दुपारीसुद्धा गार वाटतं. उंबर दिसला. त्याच्या मुळांवर तो बसला होता. पाठमोरा.

मी वल्हवणं थांबवलं. होडी आपल्या वेगानं पुढे जात राहिली.

शर्टाच्या चौकड्या बारीक होत्या, निळ्या. पॅन्ट राखाडी. डाव्या मनगटाला घड्याळ. मी जे जे बोललो ते ते होतं, आणि तेवढंच होतं. शर्टाला कुठे सुरकुती नव्हती. घड्याळाचा पट्टा होता, पण तबकडीवर काही नव्हतं. उजवा हात त्यानं मांडीवर ठेवला होता. त्याच्याबद्दल मी काहीच बोललो नव्हतो, आणि त्याच्याकडे पाहिल्यावर डोळा त्यावर ठरत नव्हता, बाजूला घसरत होता.

"कोण आहे?" मी विचारलं.

तो वळू लागला. एखाद्या ओळखीच्या माणसाची बरेच दिवस वाट पाहिल्यावर वळावं तसा, सावकाश. आधी टोपीची कड आली. मग हनुवटी, आणि तिच्यावरचा व्रण. त्या दोहोंच्या मधल्या भागाबद्दल मी काळूरामांना काही सांगितलं नव्हतं.

मी मान खाली घातली.

वल्हं कसं मारलं ते आठवत नाही. खांदा पुढे महिनाभर दुखत होता. मागून कोणी आलं नाही. फक्त आवाज आला. टक, टक, टक. प्लास्टिकवर नव्हे, लाकडावर.

७

तिथून मी थेट ओव्याला गेलो. कमळाबाईचं घर कोणीही दाखवलं. ती ओटीवर बसली होती. मला ओळखून तिनं आत पाण्यासाठी हाक मारली, आणि मग तिच्या लक्षात आलं की आत हाक ऐकायला कोणी नाही.

मी उभ्यानंच सांगितलं. मी कोणाला पाहिलं नव्हतं. वर बघितलंच नव्हतं. पुरुष होता की बाई, मला माहीत नाही. सगळं मनचं सांगितलं.

तिनं डोळे बारीक करून माझ्याकडे पाहिलं.

"मंग तवा बोलाया काय झालं व्हतं?"

"लाज वाटली."

"कोनाची?"

"माझी मुलगी उभी होती तिथे."

"तुमची पोर घरी हाय ना?" कमळाबाई म्हणाली. त्यात टोमणा नव्हता. तिला खरंच जाणून घ्यायचं होतं. मी हो म्हणालो. ती उठली, पदर खोचला आणि म्हणाली, "चला."

तळ्यावर पोहोचेपर्यंत चार वाजले. परेश आणि शिवा शेडमध्ये होते. मी त्यांनाही सांगितलं. परेशचं तोंड उघडं राहिलं. "मंग आमी बगितला तो कोन?" तो म्हणाला. शिवानं फक्त बिडी विझवली.

कमळाबाई पाण्याच्या कडेला जाऊन उभी राहिली. दोन्ही हात तोंडाशी धरून तिनं हाक मारली.

"रमेऽऽ"

डोंगरानं ती परत दिली. तिनं पुन्हा मारली. शेतावरून घरात मारतात तशी हाक होती ती, जेवायला ये, असं सांगणारी. तिसऱ्या हाकेला शिवानं माझं मनगट धरलं.

पलीकडच्या काठावर, वळणाच्या अलीकडे, कोणीतरी उठून उभं राहिलं होतं. शिवाच्या हाकेला जो झाडीत गेला होता, तो या हाकेला पाण्यात उतरत होता. घोट्यापर्यंत, मग गुडघ्यापर्यंत. आमच्या दिशेनं. घाईघाईनं, पाणी उडवत, आईच्या हाकेला पोरं धावतात तसा.

"कोनी हाय का तितं?" कमळाबाईनं विचारलं. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू होता, एवढ्या लांबचं तिला दिसत नव्हतं. "काय तरी हाललं. कोन हाय? ती हाय का?"

परेश मागे सरकला होता. शिवा पाण्याकडे पाठ करून उभा होता. मग तिनं मला विचारलं. "तुमी बगा ना, बाबा. ह्या टायमाला नीट बगा. काय दिसतंय तेच सांगा."

मी पाहिलं. छत्तीस वर्षांत पहिल्यांदा मी मान वर करून, डोळे न हलवता पाहिलं. ते कमरेइतक्या पाण्यात थांबलं होतं. त्यानं हात वर केला होता, आणि तो हात ते हलवत होतं.

जे दिसत होतं, तेच मी तिला सांगितलं.

"पुरुष आहे," मी म्हणालो. "पन्नाशीचा. पांढरा चौकड्यांचा शर्ट."

तिचे हात खाली आले. "मंग ती नाय," ती म्हणाली, आणि रस्त्याकडे चालू लागली. ती बांधावर चढेपर्यंत आणि बांधावरून पलीकडे दिसेनाशी होईपर्यंत पाण्यातला तो हात हलत होता.